पेन्शन मोजताना ती १२ वर्षं ८ महिने कुठे गेली?

माननीय संपादक साहेब, सप्रेम नमस्कार.

मी निवृत्त प्राथमिक शिक्षक आहे, मानेवाड्याला राहतो. पेपरला पत्र लिहायची ही पहिलीच वेळ आहे, लांबलं तर सांभाळून घ्या, पण मधला भाग कापू नका एवढी विनंती, कारण माझ्या शिक्षिका बायकोची जी १२ वर्षं ८ महिने पेन्शनला धरली नाहीत त्यांचा हिशोब सगळा मधेच आहे.

२०२५ मध्ये आपल्या नागपूर विभागात शालार्थ आयडीचा, म्हणजे ज्या सरकारी ऑनलाइन नंबरवर शिक्षकाचा पगार निघतो त्याचा, घोटाळा बाहेर आला. बोगस नियुक्त्या, मागच्या तारखेच्या मान्यता, खोटे आयडी काढून सरकारी तिजोरीतून पगार, मग अटक, एसआयटी म्हणजे विशेष तपास पथक, सगळं वाचलं आपण. ज्यांनी पैसे घेऊन हे केलं त्यांना सोडू नका, याबद्दल माझ्या ओळखीतल्या एकाही शिक्षकाचं दुमत नाही. पण तेव्हापासून एक शब्द जिथं तिथं ऐकू येऊन राहिला, "अनियमित नियुक्ती". पानठेल्यावर, लग्नाच्या पंगतीत लोक विचारतात, काय गुरुजी, तुमच्यात किती अनियमितवाले आहेत. पेन्शनच्या टेबलावर तर हा शब्द आधीपासूनच होता, आता तो जास्त जोरात बोलला जातो एवढंच. बोगस माणूस वेगळा आणि अनियमित नियुक्तीचा माणूस वेगळा, हे कोणीतरी नीट मांडायला पाहिजे म्हणून हे पत्र.

बोगस म्हणजे ज्याचा कागदच खोटा, ज्याची नेमणूक मुळात झालीच नाही. अनियमित म्हणजे ज्यानं रोज शाळा उघडली, मुलं शिकवली, हजेरीपटावर सह्या केल्या, निवडणुकीची ड्युटी केली, पण त्याला कामावर घेताना घेणाऱ्यानं जी पद्धत पाळायची होती ती पाळली नाही. जाहिरात दिली नसेल, आरक्षणाचं रोस्टर तपासलं नसेल, आदेशावर ज्याची सही पाहिजे त्याच्याऐवजी दुसऱ्याची असेल. यातलं काहीही त्या शिक्षकाच्या हातात नव्हतं. पण दंड मात्र त्यालाच, आणि तोही ५८ वर्षांचा झाल्यावर, जेव्हा दुसरी नोकरी पण मिळत नाही.

आता घरचीच गोष्ट सांगतो. मी १९८८ ला विदर्भातल्या एका जिल्हा परिषदेत लागलो. माझा पहिला आदेश तात्पुरता होता, ११ महिन्यांचा, मग दुसरा निघाला, मग कायम झालो. २०२२ ला निवृत्त झालो तेव्हा माझी सेवा पहिल्या तात्पुरत्या आदेशापासूनच मोजली, कारण महाराष्ट्र नागरी सेवा निवृत्तिवेतन नियम १९८२ मध्ये नियम ३० आहे, त्यात सरळ म्हटलंय की माणूस पहिल्यांदा ज्या पदावर रुजू झाला तिथून त्याची अर्हताकारी, म्हणजे पेन्शनला धरायची, सेवा सुरू होते, मग ती नेमणूक तात्पुरती असो की कायम, पुढे तो कायम झाला पाहिजे एवढंच. मला काही त्रास झाला नाही. चार महिन्यांत पेन्शन सुरू झाली.

माझी बायको पण शिक्षिका. ती वस्तीशाळेची. नवीन पिढीला वस्तीशाळा म्हणजे काय हे माहीत नसेल म्हणून थोडं सांगतो. २००० च्या आसपास सरकारनं ठरवलं की ज्या तांड्यावर, पोडावर, टोलीवर जवळपास शाळा नाही तिथं छोटी शाळा काढायची. इमारत नाही, पद नाही, भरती नाही. गावच्या ग्राम शिक्षण समितीनं ठराव घ्यायचा, गावातला नाहीतर जवळचा शिकलेला मुलगा मुलगी पाहायची आणि लावून द्यायची. मानधन महिन्याला १००० रुपये. कागदावर नाव "स्वयंसेवक", नंतर "निमशिक्षक". गावात मात्र पहिल्या दिवसापासून बाई आणि गुरुजीच.

२ जुलै २००१, सोमवार होता. नाल्याच्या पलीकडं तांडा, पावसाळ्यात नाला भरला की तिकडची मुलं तिकडं. मारुतीच्या देवळाचा सभामंडप होता, वर टिनाचं छत, फळा आम्ही घरून नेला होता, म्हणजे माझ्या शाळेत चिरलेला म्हणून निर्लेखित केलेला फळा होता तो रीतसर पावती करून घेतला आणि सायकलला आडवा बांधून नेला. पहिल्या दिवशी १९ मुलं. त्यातली ११ कधीच कोणत्या शाळेत गेलेली नव्हती. दिवाळीच्या आधी कापूस वेचणी लागली की अर्धी मुलं वावरात, तर ही सकाळी सातला तांड्यावर जाऊन घरोघर उभी राहायची, आईबापाला सांगायची की दुपारी बारापर्यंत माझ्याकडं ठेवा, मग न्या वेचायला. त्यातली एक मुलगी आज नर्स आहे, मागच्या वर्षी तिचा फोन आला होता.

हे सगळं हजार रुपयांत. नंतर मानधन थोडं वाढलं. त्याच काळात तिनं पत्राद्वारे डीएड पूर्ण केलं, संपर्क वर्गाला ४० किलोमीटर एसटीनं जायची, आमचा लहान मुलगा तेव्हा तीन वर्षांचा होता, त्याला माझ्या वर्गात बसवून ठेवायचो. वस्तीशाळेचं पुढं नियमित प्राथमिक शाळेत रूपांतर झालं. तीच मुलं, तोच तांडा, त्याच बाई. फक्त फळ्यावर नाव बदललं. शेवटी खूप मोर्चे, खूप उपोषणं झाल्यावर सरकारनं वस्तीशाळेच्या शिक्षकांना १ मार्च २०१४ पासून नियमित प्राथमिक शिक्षक म्हणून घेतलं. त्या दिवशी आम्ही घरी पुरणपोळी केली होती. तेव्हा आमच्या डोक्यात पण आलं नाही की "१ मार्च २०१४ पासून" या शब्दांत काय लपलंय.

३१ मे २०२४ ला ती निवृत्त झाली. २ जुलै २००१ ते २८ फेब्रुवारी २०१४ म्हणजे १२ वर्षं ८ महिने. १ मार्च २०१४ ते ३१ मे २०२४ म्हणजे १० वर्षं ३ महिने. शिकवलं एकूण २२ वर्षं ११ महिने. पेन्शनच्या कागदावर मोजली १० वर्षं ३ महिने. आणि त्यातही ती नोव्हेंबर २००५ नंतरची ठरली म्हणून जुनी पेन्शन नाहीच.

इथं थोडं थांबून सांगतो कारण बाहेरच्या माणसाला ही तारखांची भानगड समजत नाही. ३१ ऑक्टोबर २००५ ला शासन निर्णय निघाला की १ नोव्हेंबर २००५ ला किंवा त्यानंतर जो सेवेत येईल त्याला १९८२ च्या नियमांची पेन्शन नाही, त्याच्यासाठी परिभाषित अंशदान योजना, लोक तिला डीसीपीएस म्हणतात. पगाराचे १० टक्के त्याचे, १० टक्के सरकारचे, पुढं सरकारचे १४ झाले, आणि डीसीपीएसचं एनपीएस म्हणजे राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजना झाली. निवृत्त झाल्यावर जमलेल्या पैशातले ६० टक्के हातात, ४० टक्क्यांची ॲन्युइटी, म्हणजे ते पैसे विमा कंपनीकडं गुंतवून दर महिन्याला मिळणारी रक्कम. जुन्या नियमात शेवटच्या पगाराच्या निम्मी पेन्शन, वर महागाई भत्ता, आणि पेन्शनर गेला तर बायकोला फॅमिली पेन्शन. म्हणून १ नोव्हेंबर २००५ या एका तारखेच्या अलीकडं की पलीकडं यावर म्हातारपण ठरतं. माझी बायको २००१ पासून शिकवते हे सगळा तालुका सांगेल. पण कागद म्हणतो ती २०१४ ची.

सरकारनं २०२४ मध्ये सुधारित राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजना आणली, १ मार्च २०२४ पासून. ती जुन्या पेन्शनइतकी नाही पण आधीपेक्षा बरी आहे हे मी मानतो. त्यात २० वर्षं सेवा असेल तर शेवटच्या पगाराच्या निम्मी पेन्शन, कमी असेल तर सेवेच्या प्रमाणात, आणि १० वर्षं पण नसतील तर तीही नाही. म्हणजे आता सेवा किती वर्षं मोजली याला आणखी किंमत आली. माझ्या बायकोचं शेवटचं मूळ वेतन ३८,००० च्या आसपास. २२ वर्षं धरली तर १९,००० च्या जवळ पेन्शन बसते. १० वर्षं धरली तर ९,५००. दर महिन्याला साडेनऊ हजारांचा फरक, आणि तो फरक कशाचा तर मारुतीच्या देवळातल्या त्या १२ वर्षांचा.

आणि ती तरी नशीबवान. तिच्याबरोबर त्याच महिन्यात शेजारच्या टोलीवर लागलेल्या एक बाई होत्या, वयानं दोन वर्षं मोठ्या, त्या २०२२ ला निवृत्त झाल्या. नियमित सेवा ८ वर्षं आणि काही महिने. १० भरलीच नाहीत. ॲन्युइटीचे महिन्याला दोन हजार आणि वर थोडे येतात. नवरा नाही. २१ वर्षं शिकवलं त्यांनी. मागच्या उन्हाळ्यात भेटल्या तेव्हा पापड लाटून राहिल्या होत्या, ऑर्डर होती, मला म्हणाल्या, "सर, मले कोणी भेटलं का विचारते, रिटायर झाल्यावर काय करता, त मी सांगतो पेन्शन आहे म्हणून, लाज वाटते ना नाही म्हणायले." हे ऐकून मी त्या दिवशी जेवलो नाही.

आमच्या केसला त्रुटी काय लागल्या ते पण सांगतो. ते कार्यालय कोणतं ते लिहीत नाही, तिथले लोक काही वाईट नाहीत, त्यांच्या हातात जे पत्र येतं त्याप्रमाणे ते करतात. पण आम्ही अर्ज दिला की २००१ पासूनची सेवा पेन्शनसाठी धरावी, तर पहिलं उत्तर आलं, मूळ नियुक्ती आदेश जोडावा. आता वस्तीशाळेत आदेश कुठला, ग्राम शिक्षण समितीचा ठराव. शिक्षण हक्क कायदा २०१० ला लागू झाल्यावर ग्राम शिक्षण समिती गेली आणि शाळा व्यवस्थापन समिती आली, जुनं रजिस्टर कोणाकडं गेलं कोणालाच माहीत नाही. मी स्वतः तीन वेळा गावात गेलो. माजी सरपंचांच्या घरी धान्याच्या कोठीमागं एका पिशवीत सापडलं. कडा उंदरानं कुरतडलेल्या, वाळवीचा एक डाग, पण ठराव शाबूत. निळ्या शाईत लिहिलंय, "सदर बाईंना आजपासून वस्तीवरील मुले शिकविण्यास ठेवण्यात येत आहे, सर्वानुमते मंजूर." खाली सात सह्या, दोन अंगठे, सरपंचांचा गोल शिक्का, तारीख २ जुलै २००१.

तो ठराव घेऊन गेलो. बाबूंनी पाहिला, झेरॉक्स घेतली, आणि पंधरा दिवसांनी दुसरी त्रुटी, ठराव हा नियुक्ती आदेश होत नाही, तसेच सदर समितीस नियुक्तीचे अधिकार असल्याचे दिसून येत नाही. मी म्हटलं, साहेब, समितीला अधिकार सरकारनंच दिले होते ना, तुमच्याच योजनेत. तर म्हणाले, हो, पण स्वयंसेवक नेमायचे दिले होते, शिक्षक नेमायचे नाही.

तर मी बायकोच्या ट्रंकेतून दुसरे कागद काढले. २०११ च्या जनगणनेचा आदेश, त्यावर तहसीलचा शिक्का आणि नावापुढं लिहिलंय "शिक्षिका". पल्स पोलिओचे आदेश, शिक्षिका. निवडणुकीच्या प्रशिक्षणाचं पत्र, शिक्षिका. केंद्रप्रमुखांचे भेट शेरे आहेत वर्षावर्षाचे, "शिक्षिका नियमित हजर, मुलांचे वाचन समाधानकारक." काम घ्यायचं असलं की सरकारला ती शिक्षिका दिसत होती. पेन्शन द्यायची म्हटलं की स्वयंसेविका. हे कागद पण जोडलेत. त्यावर अजून काही उत्तर नाही.

आता कायद्याचं. मी वकील नाही पण निवृत्त झाल्यापासून हेच वाचून राहिलो. कोणी म्हणेल उमादेवी निकाल आहे ना. आहे. १० एप्रिल २००६ ला सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठानं कर्नाटक सरकार विरुद्ध उमादेवी या खटल्यात सांगितलं की मागच्या दारानं लागलेल्यांना कायम करा असा हक्क नाही. हा निकाल प्रत्येक टेबलावर ऐकवला जातो. पण त्याच निकालात बेकायदेशीर नियुक्ती आणि अनियमित नियुक्ती यात फरक केलाय, आणि मंजूर पदावर, कोर्टाच्या आदेशाच्या आधाराशिवाय १० वर्षं किंवा जास्त काम केलेल्या पात्र लोकांना एकदा नियमित करून घ्या असं सरकारांना सांगितलंय. तो अर्धा भाग कोणी ऐकवत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं स्वतःच म्हटलं की उमादेवीचा आधार घेऊन वर्षानुवर्षं काम केलेल्या लोकांचे रास्त दावे नाकारले जाताहेत आणि हे चुकीचं आहे.

आणि आमचा विषय तर नियमित करायचा पण नाही, ते २०१४ ला झालंय. विषय फक्त मोजणीचा. २०१९ मध्ये प्रेम सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश या खटल्यात सुप्रीम कोर्टापुढं कार्यव्ययी आस्थापनेवरचे कर्मचारी होते, म्हणजे ज्यांचा पगार कामाच्या खर्चातून निघतो ते, आयुष्यभर तसंच राबवून घेतलेले, नंतर नियमित केलेले. कोर्टानं सांगितलं की ती आधीची सेवा पेन्शनसाठी धरा. उत्तर प्रदेशचे नियम वेगळे हे मला समजतं. म्हणून आपल्या महाराष्ट्राचाच नियम सांगतो. १९८२ च्या पेन्शन नियमांत नियम ५७ आहे, त्याच्याखाली टीप आहे की आकस्मिक खर्चातून पगार घेणारा कर्मचारी पुढं त्याचं पद नियमित आस्थापनेवर आलं तर त्याची आधीची सलग सेवा निम्मी पेन्शनसाठी धरावी. म्हणजे कार्यालयात पाणी भरणारा, झाडू मारणारा माणूस जो किरकोळ खर्चातून पगार घ्यायचा त्याची निम्मी सेवा धरायची तरतूद सरकारनंच ४० वर्षांपूर्वी केली, आणि फार चांगलं केलं, त्याचा तो हक्कच आहे. मग पहिलीच्या मुलाला हात धरून "अ" गिरवायला शिकवणाऱ्या बाईची सेवा शून्य का? निम्मी पण नाही? हा प्रश्न मी अर्जात लिहिला आहे, तोंडीही विचारला आहे, उत्तर कोणाकडं नाही.

हे फक्त वस्तीशाळेपुरतं नाही. माझा एक मित्र इथंच नागपुरात खासगी शाळेत होता. १९९९ ला लागला, शाळा तेव्हा विनाअनुदानित, नंतर टप्प्याटप्प्यानं अनुदान आलं, १०० टक्के झालं ते २००५ उलटून गेल्यावर. त्याची मान्यता पण पहिली काही वर्षं "एक वर्षासाठी" अशीच येत गेली, दर जूनमध्ये नवीन प्रस्ताव. नियुक्ती २००५ च्या आधीची आहे हे कोणी नाकारत नाही, पण १०० टक्के अनुदानावर नंतर आला म्हणून जुनी पेन्शन नाही. आता अनुदान कधी द्यायचं हे शिक्षक ठरवतो का? सरकारनं उशीर केला, आणि उशिराची शिक्षा शिक्षकाला. अशा शिक्षकांची कोर्टबाजी किती वर्षं चालू आहे हे या शहरात हायकोर्टाच्या खंडपीठाच्या आवारात दुपारी जाऊन पाहा, पांढऱ्या केसांचे मास्तर फाईल काखेत धरून झाडाखाली बसलेले दिसतील. त्यातले काही निकाल लागायच्या आधीच गेले.

सरकारनं काहीच केलं नाही असं मी म्हणत नाही. २ फेब्रुवारी २०२४ च्या शासन निर्णयानं ज्यांच्या पदाची जाहिरात १ नोव्हेंबर २००५ च्या आधी निघाली होती पण रुजू नंतर झाले त्यांना जुन्या पेन्शनचा एकदा पर्याय दिला. बरोबर केलं. तिथं सरकारनं हे मान्य केलं की भरतीला उशीर झाला तो उमेदवारामुळं नाही झाला, म्हणून त्याचं नुकसान नको. मग हेच तत्त्व आम्हाला का नाही? जाहिरात निघाली होती, नोकरी नंतर लागली, त्याला जुनी पेन्शन. आणि जी २००१ पासून प्रत्यक्ष शिकवत होती तिला नाही, कारण तिच्या वेळी सरकारनं जाहिरातच काढली नाही. हे माझ्या बायकोला समजावून सांगता येत नाही मला, आणि ती गणित शिकवायची.

आणखी एक होतं, ते म्हणजे ज्यानं खंडपीठात याचिका टाकली त्यालाच लाभ. आदेश येतो, सरकार तो फक्त याचिकाकर्त्यापुरता लागू करतं, आणि तशाच दुसऱ्या शंभर लोकांना सांगतं तुम्ही पण जा कोर्टात. दोन हजारांच्या ॲन्युइटीवर जगणाऱ्या बाईनं वकिलाची फी कुठून आणायची? त्या पापड लाटणाऱ्या बाईंना मी म्हटलं होतं आपण सगळे मिळून टाकू, वर्गणी काढू, तर म्हणाल्या सर माझ्या वाट्याचे पैसे मी दिवाळीनंतर देईन, चालेल का.

निवृत्तीच्या तोंडावर सेवापुस्तक उघडून चुका शोधायची जी पद्धत आहे ना, तिच्याबद्दल पण बोलायचंय. पेन्शनचं काम निवृत्तीच्या दोन वर्षं आधी हाती घ्यायचं असं नियम सांगतो. प्रत्यक्षात काय होतं हे प्रत्येक शिक्षकाला माहीत आहे, निवृत्तीच्या सत्काराची शाल अजून घडी मोडलेली नसते आणि फोन येतो, सर तुमच्या सेवापुस्तकात १९९६ ची सेवा पडताळणी दिसत नाही, १९९८ च्या वेतनवाढीची नोंद नाही, वसुली निघते. २५ वर्षांत दर वर्षी पगारबिल निघालं, दर वर्षी कोणीतरी त्यावर सही केली, ऑडिट झालं. तेव्हा दिसलं नाही? वसुलीबद्दल तर सुप्रीम कोर्टानं १८ डिसेंबर २०१४ ला रफिक मसीह प्रकरणात स्पष्ट सांगितलंय की निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात होणार असलेल्या माणसाकडून, आणि वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्याकडून, चुकीनं जास्त दिलेला पगार वसूल करू नका. तरी पत्रं निघतातच. बरेच जण घाबरून भरून टाकतात कारण ना-देय प्रमाणपत्र, म्हणजे काही देणं बाकी नाही हा दाखला, अडतं आणि पेन्शन सुरू व्हायची असते.

म्हणून माझं म्हणणं असं आहे, आणि ते या घोटाळ्याच्या दिवसांत मुद्दाम सांगतो. तपासा, जरूर तपासा, पण माणूस लागतो त्या वर्षी तपासा. दोन वर्षांच्या आत नियुक्तीत काही दोष निघाला तर त्याला तेव्हाच सांगा, तो तरुण असतो, दुसरीकडं जाईल. तेव्हा नाही सांगितलं, काम घेतलं, पगार नाहीतर मानधन दिलं, तर मग तो दोष नेमणाऱ्याचा धरा आणि शिक्षकाची सेवा पहिल्या दिवसापासून मोजा. खोटा कागद करणाऱ्याला यातून सूट नकोच, तो कधीही सापडला तरी शिक्षा द्या. पण खऱ्या मुलांना खरं शिकवलेली वर्षं कागदावरून पुसू नका.

वस्तीशाळेच्या शिक्षकांपुरतं तर हे एका शासन निर्णयाचं काम आहे. मूळ नेमणुकीच्या तारखेपासूनची सेवा पेन्शनसाठी ग्राह्य धरण्यात येत आहे, बस एवढं एक वाक्य. यातले बरेच जण आता निवृत्त झाले, दर वर्षी मे अखेरीला आणखी होतात. मागची थकबाकी नाही दिली तरी आमची बाई भांडणार नाही, तिनं स्वतः मला तसं सांगितलंय. तिला २००१ पाहिजे.

१७ डिसेंबर हा पेन्शनर दिन. १९८२ ला त्या दिवशी डी. एस. नाकारा खटल्यात सुप्रीम कोर्टानं सांगितलं होतं की पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही, आधी केलेल्या सेवेचा तो मोबदला आहे. हिवाळी अधिवेशन बहुतेक त्याच दिवसांत आपल्या नागपुरात असतं. यशवंत स्टेडियमवरून मोर्चे निघतात, टेकडी रोडवर नाहीतर मॉरिस कॉलेजच्या टी पॉइंटवर अडवतात, बाया रस्त्यावरच बसून डबे उघडतात. मी पण गेलोय, २०१४ च्या आधी बायकोबरोबर, आणि नंतरही. थंडीत सकाळी सहाच्या एसटीनं गडचिरोली, यवतमाळ, गोंदियाहून आलेल्या त्या बायांना शहरातले लोक गाडीच्या काचेतून पाहतात आणि ट्रॅफिक जाम झाला म्हणून चिडतात. तुमच्या पेपरात पण दुसऱ्या दिवशी फोटो येतो, खाली लिहिलेलं असतं "विविध मागण्यांसाठी". माझी तुम्हाला विनंती आहे की यंदा तुमचा एक वार्ताहर त्यांच्याजवळ अर्धा तास बसवा. प्रत्येकीला फक्त दोन तारखा विचारायच्या, शाळा कधीपासून शिकवली आणि कागदावर कधीपासून लागली. त्या दोन तारखा नावापुढं छापा, बाकी काही लिहायची गरज नाही.

आमच्या दोन तारखा वर दिल्याच आहेत. ठरावाची झेरॉक्स या पत्राला जोडली आहे, अक्षर थोडं पुसट आलंय पण तारीख आणि शिक्का वाचता येतो. मूळ रजिस्टर आमच्याकडं आहे, कोणाला पाहायचं असेल तर घरी दाखवायला तयार आहे. येत्या सोमवारी परत कार्यालयात जाणार आहोत, या वेळी बाई स्वतः येणार म्हणतात.

आपला,
एक निवृत्त प्राथमिक शिक्षक
मानेवाडा, नागपूर